मिटलेला जबडा

४ नोव्हेंबर २०२४, सोमवार

निवृत्त होऊन पाच महिने झाले. आज माळ्यावरची पेटी खाली काढली. एकट्याला झेपेना म्हणून दस्तगीरला बोलावलं. कॉलेजात भूगर्भशास्त्राच्या प्रयोगशाळेत तो तीस वर्षं माझ्या हाताखाली होता, पलीकडच्या गल्लीत राहतो. त्र्याण्णव साली कच्छच्या सहलीत हा दगड आम्ही दोघांनीच फोडून काढला होता. पेटी उघडल्यावर म्हणाला, "सर, आजून त्याच पेपरात हाये की."

राखाडी दगडाची लादी, शाळेच्या पाटीएवढी. तिच्यात माशाचं डोकं आणि मागचे सहा मणके. साडेचार कोटी वर्षांपूर्वी कच्छवर समुद्र होता, त्यातला. बांगडा, सुरमई, कुपा यांच्या कुळातला, पण आज जगात कुठेच नसलेला. आपल्या जुन्नर-आंबेगावात असलं काही मिळायचं नाही. आहुप्याच्या कड्यापर्यंत चालत गेलं तरी सगळा लाव्हाचा काळा पाषाण. तीस वर्षं मुलांना तो पाषाण शिकवण्यात गेली आणि मासा माळ्यावर राहिला.

या कुळातले नामशेष वंश थोडेच माहीत आहेत. माझी खात्री आहे की हा त्यांतला नाही, नवा आहे. नीट साफ करायचा, वर्णन लिहून छापायचं, नाव द्यायचं. रोज काय केलं ते टिपून ठेवावं म्हणून ही वही.

हिने दारातून पाहिलं. "मासा? इतकी वरसं माझ्या माळ्यावर मासा व्हता?" माळकरी आहे. म्हटलं, आता दगड आहे तो. तरी आतल्या खोलीतलं टेबल देईना, तिथे देव आहेत. पुढच्या खोलीत बसलो.

११ नोव्हेंबर

आठ दिवसांत वरच्या जबड्याचा बोटभर भाग मोकळा झाला. सुईने एकेक कण उडवायचा, ब्रशने झाडायचा. जबडा घट्ट मिटलेला आहे. बाहेरचे दात दिसतील, पण टाळूवरचे दात कसे आहेत यावर वंश ठरणार, आणि ते आत अडकलेत.

जेवताना पाहिलं तर ही भाकरी दुधात कुस्करून खात होती. हिला दूध आवडत नाही. विचारलं तर म्हणाली, "आसंच." वयाबरोबर माणूस बदलतो.

२४ नोव्हेंबर, रविवार

वांग्याच्या भाजीला तिखटाचा पत्ता नाही. चौथा दिवस. मी ताट सरकवलं. म्हणाली, "मला झोंबतंया, म्हून कमी घातलं." म्हटलं, तुझ्यासाठी वेगळी कर ना. संध्याकाळी माझ्यासाठी ठेचा केलेला होता. स्वतः वरणाचं पाणी पीत होती.

हिचे दात मात्र अजून शाबूत आहेत, त्याचं श्रेय मी घेतो. राजुरीहून लग्न होऊन आली तेव्हापासून मिश्री लावायची, भाजलेल्या तंबाखूची ती काळी भुकटी. दोन हजार नऊ साली कॉलेजात तंबाखूविरोधी सप्ताह माझ्याकडेच होता आणि त्याच आठवड्यात घरात डबी सापडली. मी ती तिच्यादेखत गटारात फेकली आणि चार दिवस तिच्याशी बोललो नाही. त्यानंतर या घरात मिश्री आली नाही.

९ डिसेंबर, सोमवार

डाव्या बाजूचे दात मोकळे झाले. खालचे एकोणीस. चपटे, त्रिकोणी, कडेला धार. पुढून पाचवा तुटलेला आहे आणि त्याच्या मुळाशी नवा येत होता. मरताना या माशाला नवा दात येत होता.

कोरा कागद आणायला उठलो असतो तर नजरेची पकड सुटली असती. भिंगाखालीच कसलीशी चिठ्ठी पडली होती, तिच्या पाठीमागे एकोणीसच्या एकोणीस दात काढून घेतले. छान उतरले. फाइलला लावून टाकले.

दिवेलागणीला हिने विचारलं, "टेबलावरचा कागद बघितला का?"

"बघितला. फार उपयोगी पडला."

ती उभी राहिली. मग "बरं" म्हणून आत गेली.

२१ डिसेंबर

श्रेयाचा फोन. माझी विद्यार्थिनी, आता पुण्यात एका संस्थेत जीवाश्मांवर काम करते. म्हणते, "सर, दगड फोडू नका. आमच्याकडे स्कॅन करू. जबडा न उघडता आतलं सगळं दिसेल." फेब्रुवारीत तारीख मिळवते म्हणाली. ही गोष्ट दहा वर्षांपूर्वी असती तर!

घरात हल्ली फार शांतता असते. पूर्वी हिची बडबड दिवसभर चालायची, आता एकदोन शब्दांत उत्तर देते, तेही पदर तोंडाला लावून. कामाला बरं पडतं.

१४ जानेवारी २०२५, मंगळवार

संक्रांत. हिने तिळाच्या वड्या केल्या, गल्लीत वाटल्या, एक माझ्या तळहातावर ठेवली. मी तिला भरवायला गेलो तर मान वळवली. "नंतर खाते." हळदीकुंकवाला गेली नाही. कुणी दुखावलं असेल. बायकांच्यात मी पडत नाही.

उजव्या बाजूचं काम अर्धं झालं.

२२ जानेवारी

सकाळी दस्तगीरची बायको जहाँआरा आली. एरवी मागच्या दाराने येते आणि दोघी तासभर बसतात, आज पुढून आली आणि माझ्या टेबलाशी उभी राहिली.

"सर, भाभी काय खातात ते तुमी बघता का?"

"दाताचं काहीतरी आहे तिचं. पुण्याचं काम आटपलं की नेतो डॉक्टरकडे."

"दाताचं नाय वो सर."

"मग?"

ती बोलणार तेवढ्यात फोन वाजला. श्रेया होती. तीन फेब्रुवारी नक्की झाली! दगड कसा बांधायचा, किती वाजता पोचायचं, सगळं लिहून घेतलं. फोन ठेवला तेव्हा जहाँआरा निघून गेली होती.

३ फेब्रुवारी, सोमवार

मुक्काम मुलाकडे, आदेशकडे, चाकणला. तो कंपनीतून यायचा आहे, तोवर लिहितो.

सकाळी सहाला गाडी आली. लादी फोममध्ये, फोम पेटीत, पेटी मागच्या सीटवर, शेजारी दस्तगीर धरायला. बाहेर येतो तर ही दारात, जांभळं लुगडं नेसून, हातात पिशवी. "मला बी येऊ द्या की पुण्याला."

म्हटलं, आज नको, जागा नाही.

"मी मागं बसते. दगुड मांडीवर घेते. हलू द्यायची न्हाई."

खरं सांगायचं तर रागच आला. एका खड्ड्यात हात सुटला तर तीस वर्षं वाया. म्हटलं, आदेशला भेटायचंय ना, पुढच्या महिन्यात सावकाश जाऊ. ती पिशवी घेऊन आत गेली. मंचरला दस्तगीर म्हणाला, "सर, भाभींना आणायला पायजे व्हतं." मी मागे वळून पेटी बघितली.

पण दुपारी जे पाहिलं ते कसं लिहू. पडद्यावर राखाडी काप सरकत होते, हाड पांढरं, गाळ काळपट. श्रेयाने कसं वाचायचं ते शिकवलं. मग तिने पडद्यावरच गाळ पुसला आणि खालचा जबडा अलगद उघडला. टाळूवर बारीक दातांचा पट्टा! साडेचार कोटी वर्षांत ते तोंड पहिल्यांदा उघडलं. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. मोजमापं करून कळवते म्हणाली. दगड तिच्याकडेच ठेवला.

२० फेब्रुवारी

कालचं आज लिहितो.

शिवजयंती होती, बाहेर ढोल चालू होते. मी टेबलाशी लिहीत होतो. आत भांडं पडल्याचा आवाज आला. मांजर असेल म्हणून वाक्य पुरं केलं. मग जहाँआराची हाक ऐकली. ही मोरीपाशी बसलेली, पेज सांडलेली, लुगड्याचा पुढचा भाग रक्ताने भिजलेला. घास अडकला होता आणि तोंड उघडत नव्हतं.

रस्ते गर्दीने बंद, म्हणून दस्तगीर पुढे, ही मधे, जहाँआरा मागून तिला धरून, अशी मोटरसायकल गल्लीबोळांतून काढली. मी मागून पळत गेलो.

सरकारी दवाखान्यातल्या डॉक्टरांनी तिला तोंड उघडायला सांगितलं. निरोगी माणसाच्या तोंडात तीन बोटं उभी जातात म्हणे. तिच्या दातांमधून त्यांचं एकही जाईना. त्यांनी बॅटरी लावली आणि फटीतून बघितलं. मग माझ्याकडे वळले.

"डिसेंबरात तोंड तपासणीचं शिबिर झालं तेव्हाच मी यांना पुण्याची चिठ्ठी दिली होती. नवऱ्याला दाखवा, आठ दिवसांत जा, असं बजावलं होतं. तुम्ही बघितली नाही?"

घरी येऊन फाइल काढली. एकोणीस दात. कागद उलटा केला. तिचं नाव, वय, डावा गाल, व्रण, कर्करोगाचा संशय, तातडीने.

२७ फेब्रुवारी, पुणे

आदेशने रजा घेतली आहे. माझ्याशी कामापुरतं बोलतो.

तुकडा काढून तपासला. आहे. डाव्या गालाच्या आत सुरू झाला आणि खालच्या जबड्याच्या हाडात शिरलाय. डॉक्टर तरुण आहेत. त्यांनी पडद्यावर स्कॅन लावला आणि समजावून सांगायला लागले. मला समजावायची गरज नव्हती. तेच राखाडी काप. हाड कुठे पांढरं असायला हवं आणि कुठे ते नाही, हे मला त्यांच्या आधी दिसलं.

त्यांनी विचारलं, त्रास कधीपासून? आदेशने माझ्याकडे पाहिलं. माझ्या पिशवीत ही वही होती. मी काढली आणि वाचत गेलो. अकरा नोव्हेंबर, भाकरी दुधात. चोवीस नोव्हेंबर, तिखट झोंबतं. एकवीस डिसेंबर, बोलणं कमी, तोंडाला पदर. चौदा जानेवारी, वडी खाल्ली नाही. डॉक्टर लिहून घेत होते. मधेच थांबून म्हणाले, "इतकं सगळं टिपून ठेवलंत?" मी मान हलवली. आदेश उठून बाहेर गेला.

फॉर्मवर रुग्णाचं नाव लिहायचं होतं. साळुबाई सावळाराम. ही वही चाळली तर तिचं नाव कुठेच नाही.

१ मार्च

आज दोघंच होतो. दातांच्या फटीतून बोलते, जवळ कान न्यावा लागतो. विचारलं, "मला का नाही सांगितलंस?"

"सांगितलं की. तीनदा."

मी खुर्ची आणखी जवळ ओढली.

"कागुद ठिवला. जहाँआराला धाडलं. पुण्याला येते म्हणले."

"सरळ तोंडाने सांगायचं होतंस साळू."

"आन मिश्री? ती कुठून आली म्हून इचारलं आसतं. डबी फेकली तवा तुमी चार दिस बोलला न्हाईत. म्हणलं, आता तर मरायची येळ. आता आबोला धरला तर?"

ती जहाँआराकडे मिश्री लावायची. पंधरा वर्षं. तासभर बसायच्या, त्यात. जहाँआराचा राग करायचा प्रयत्न केला, जमला नाही.

मी म्हणालो, "बोललो असतो." तिने डोळे मिटले. खरं आहे का ते, मलाही माहीत नाही.

१२ मार्च

सकाळी आठला आत नेलं. चारला बाहेर आणलं. जबड्याची डावी बाजू काढली, तिथे पायाचं हाड बसवलं. गळ्याला भोक पाडून श्वासाची नळी, नाकातून अन्नाची. डॉक्टर म्हणाले, व्यवस्थित झालं. आदेश माझ्या खांद्याला धरून उभा होता. फेब्रुवारीनंतर पहिल्यांदाच.

१७ मार्च

दवाखान्याच्या जिन्यात श्रेयाचं पत्र वाचलं. फार अदबीने लिहिलंय. टाळूवरचा दातांचा पट्टा, मुळांची मांडणी, मोजमापं, सगळं पॅलिओसायबियमशी जुळतं. विलायतेच्या चिकणमातीत सापडलेला वंश, आधीच नाव दिलेला. आपल्याकडचा नमुना म्हणून छोटी नोंद करता येईल, "सर, पहिलं नाव तुमचंच."

मोबाइल खिशात टाकला. पाचव्या मजल्यावर जायचं होतं, तिच्या नळीची वेळ झाली होती. वर पोचेपर्यंत माशाचा विचारही आला नाही. आता लिहिताना आला, तोही उसना आणल्यासारखा.

२१ मार्च

साळूला बोलता येत नाही. नर्सने कागद आणायला सांगितला, माझ्याजवळ हीच वही होती. चौथीपर्यंत शिकलेली, अक्षर मोठं. तिने लिहिलेलं इथेच राहू देतो.

*माशाचं काय झालं*

मी म्हणालो, चांगलं झालं.

*नवा हाय का*

म्हणालो, हो. अगदी नवा. जगात कुठे नाही असा. का म्हणालो ते सांगता यायचं नाही. तिने त्याच्यापायी एवढं सोसलं, तर तो निदान नवा तरी असावा, असं वाटलं.

*नाव काय ठिवनार*

"तुझं ठेवतो."

पेन्सिल बराच वेळ कागदावर टेकलेली राहिली.

*मेल्या माशाला माझं नाव नको*

मी हसलो. तिला हसता येत नाही, टाके आहेत. खांदे तेवढे हलले. मग पान उलटलं आणि लिहिलं, *घरी कदी*

१९ एप्रिल, जुन्नर

घरी येऊन दोन आठवडे झाले. मध्यंतरी लिहिलं नाही. किरणोपचारांसाठी मेच्या मध्यात पुन्हा जायचंय, जखम भरायला वेळ लागतोय.

पेज मी करतो. तांदूळ भाजायचे, दळायचे, शिजवून दोनदा गाळायची, नाहीतर नळी तुंबते. पहिल्यांदा तुंबली तेव्हा मी रडलो, साळूने स्वतःच पाणी मारून मोकळी केली. जहाँआरा दुपारी येते. परवा तिने माझ्यासमोर मिश्रीची डबी उघडून केरात रिकामी केली आणि माझ्याकडे न बघता साळूशेजारी जाऊन बसली. मी चहा केला, तिघांचा. साळूचा नळीतून.

श्रेयाला कळवलं, दगड संस्थेतच राहू दे. नोंदीत माझ्याबरोबर दस्तगीरचं नाव घाल. त्याला सांगितलं तर म्हणाला, "मी निस्ता हातोडा धरला व्हता सर." मग जरा वेळाने, "इंग्लिशमधी येईल का नाव?"

२ मे

मी खोटं बोललो होतो ते आज साळूला सांगितलं. मासा जुनाच निघाला, नाव आधीच दिलेलं आहे. तिने वही घेतली.

*म्हाईत हाय. तुमी परत त्याचं काई बोलला न्हाई तवाच कळलं*

८ मे, गुरुवार

सकाळी साळू ओट्यावर बसली होती. मी कोमट पाण्यात फडकं बुडवून तिची मान पुसत होतो. उजव्या कानाखाली बोट अडखळलं. पुन्हा फिरवलं. बोराएवढी गाठ, घट्ट, जागची न हलणारी. हा तर ऑपरेशन न झालेला, चांगला भाग.

"ही कधीपासून?"

तिने चार बोटं दाखवली. चार दिवस.

"आदेशला फोन लावतो. उद्या नको, आत्ताच निघू. मी गाडी सांगतो." मी उठलो. चष्मा सापडेना, डोळ्यांवरच होता. मोबाइल काढला तर नंबर डोळ्यांसमोर हलायला लागले.

तिने माझ्या सदऱ्याचं टोक धरलं. ओढलं नाही, नुसतं धरलं. दुसऱ्या हाताने वही मागितली. लिहायला फार वेळ घेतला, मधे दोनदा थांबली.

*उद्या जाऊ. आज ऱ्हाऊ द्या. तुमी हितं बसा*

मी म्हणालो, "साळू, एक दिवसही—" तिने पेन्सिलीने शेवटचे तीन शब्द पुन्हा गिरवले. कागद फाटेस्तोवर.

मी बसलो. गल्लीतून भाजीची गाडी गेली, जहाँआराने गच्चीत कपडे वाळत घातले. साळूने सदरा सोडला नव्हता. अकराला नळीतून पेज द्यायची होती. अकरापर्यंत आम्ही तिथेच होतो.